राखून ठेवलेल्या गोळ्या

भीति ही टाळण्याची वस्तु आहे, असें आपण सारे धरून चालतों. अंधाऱ्या बोळांतून जावयाचें झालें तर मुलें मोठ्यानें गाणें म्हणतात आणि मोठीं माणसें उगीचच खाकरतात. असें असतां, दिवसभर नोकरी करून दमलेला एखादा गृहस्थ रात्रीं जेवण आटोपल्यावर दिवे मालवतो, कानांवर हेडफोन चढवितो आणि रोख पैसे मोजून आणलेली भीति रोज तासभर, पुरवून पुरवून उपभोगतो, हें दृश्य माझ्या आजोबांनीं पाहिलें असतें तर त्यांनीं प्रथम अंगारा मागविला असता आणि मग डॉक्टर. मी त्या गृहस्थांपैकीं एक आहें. उरणांत शिक्षकाचा पेशा करतों, पंचेचाळिशी ओलांडली आहे, आणि वीस वर्षांहून अधिक काळ चालत्या प्रेतांच्या एका जपानी खेळमालिकेच्या नादीं लागलों आहें. अंगारा लावण्यापूर्वीं वाचकांनीं माझी बाजू ऐकून घ्यावी, एवढेंच मागणें.

या मालिकेचें नांव 'रेसिडेंट ईव्हिल'. जपानांत ओसाका येथें कॅपकॉम नांवाची कंपनी आहे. तिनें पहिला भाग २२ मार्च १९९६ रोजीं 'बायोहॅझर्ड' या नांवानें बाहेर काढला. शिंजी मिकामी हा त्याचा दिग्दर्शक. याच कंपनीनें १९८९ सालीं 'स्वीट होम' नांवाचा झपाटलेल्या वाड्याचा एक खेळ काढला होता, त्याचें बीज या नव्या खेळांत रुजलें. कथा सांगण्यासारखी थोडी आणि विश्वास ठेवण्यासारखी त्याहून थोडी. रानांतला एक प्रशस्त वाडा. एका औषधी कंपनीच्या गुप्त प्रयोगांतून सुटलेला रोगजंतु. त्यामुळें मेल्यावरहि चालणारीं माणसें. आणि त्या वाड्यांत अडकलेले मूठभर पोलीस. 'सर्व्हायव्हल हॉरर', म्हणजे जीव बचावण्याचें भय, हें नांव या जातीच्या खेळांना याच खेळानें रूढ करून दिलें. दुसरा भाग १९९८ सालीं आला, तिसरा १९९९ सालीं, आणि तेव्हांपासून मालिकेचा हा वेल वाढतच गेला आहे.

परंतु खरी गोष्ट कथेंत नाहीं. ती खिशांत आहे. जिल नांवाच्या पोलीस तरुणीजवळ आठ वस्तु मावतात. ख्रिस नांवाच्या तिच्या सहकाऱ्याजवळ सहाच. पिस्तूल ही एक वस्तु, गोळ्या ही दुसरी, किल्ली ही तिसरी, औषधी पाला ही चौथी. वाटेंत नवी किल्ली दिसली आणि खिसे भरलेले असले, तर आल्या पावलीं परत जाऊन कांहींतरी पेटींत ठेवून यावें लागतें. गोळ्या मोजक्या. खेळ जेथवर आला तेथवर नोंदवून ठेवावयाचा, तर त्यासाठीं वाड्यांत ठिकठिकाणीं जुने टाइपरायटर मांडलेले आहेत. पण प्रत्येक नोंदीला शाईच्या फितीचा एक वापर खर्ची पडतो, आणि त्या फितीहि मोजक्याच. म्हणजे निःश्वास सोडावयाचा तोहि हिशेबानें.

समोरून प्रेत झोकांड्या खात येतें, तेव्हां 'हें मला खाईल काय?' हा प्रश्न खेळणाऱ्याच्या मनांत दुय्यम असतो. 'याच्यावर चार गोळ्या घालणें मला परवडेल काय?' हा पहिला. पुष्कळदां उत्तर 'परवडणार नाहीं' असेंच येतें, आणि मग अंग चोरून, भिंतीला घासून, त्याला वळसा घालून निघून जाणें हाच शहाणपणा ठरतो. महिन्याच्या पंचविसाव्या तारखेला वाण्याचें दुकान चुकवून घरीं जाणाऱ्या माणसाला ही युक्ति कोणी शिकवावी लागत नाहीं. राक्षसांचा संहार करण्याचे खेळ राजेलोकांचे. हा खेळ पगारदारांचा आहे.

उरणच्या माणसाला तर तो उपजतच येतो. आज उरण मुंबईला लागून बसलें आहे. १२ जानेवारी २०२४ रोजीं शिवडी ते न्हावाशेवा हा २१.८ किलोमीटरांचा अटल सेतु खुला झाला आणि त्याच दिवशीं उरणपर्यंत लोकलगाडीहि आली. पण माझ्या लहानपणीं मुंबईची जवळची वाट म्हणजे मोरा बंदरावरून भाऊच्या धक्क्याला जाणारी लाँच. पावसाळ्यांत समुद्र खवळला कीं लाँच बंद. करंजाच्या होड्या नारळी पौर्णिमेपर्यंत किनाऱ्याला ओढून ठेवलेल्या. म्हणून वैशाख लागला कीं घराघरांत बेगमी सुरू होई. माळ्यावर सरपण, कोठींत तांदूळ, डब्यांत वर्षाचा मसाला, बरण्यांत लोणचें आणि मिठागरावरचें जाडें मीठ, उन्हें दाखविलेले कडवे वाल, आणि मासे खाणाऱ्या घरांत सुकट, सोडे, बोंबील. घरांत काय आहे, किती आहे, आणि तें कोणत्या तिथीपर्यंत पुरेल, हा ताळेबंद माझ्या आईला तोंडपाठ असे. कागदावर तो तिनें कधीं मांडला नाहीं. फक्त डब्यांचीं झांकणें उघडून आंत पाही आणि पुन्हां लावी. आठ खिशांच्या खेळांत मीं पुढें हजार वेळां हेंच केलें.

आमच्या घरीं सध्यांचें यंत्र २०२१ सालीं आलें. प्लेस्टेशनची ही पांचवी आवृत्ति त्याच वर्षीं २ फेब्रुवारीला भारतांत विक्रीस निघाली होती. मीं त्यावर खेळावयास घेतला तो मात्र जुनाच वाडा. पहिल्या भागाची २००२ सालीं नव्यानें घडविलेली आणि २०१५ सालीं पुन्हां उजळलेली प्रत. आई तेव्हां अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती. म्हातारपणची झोप, अकराच्या सुमारास ती उठून बाहेर येई आणि माझ्यामागें आरामखुर्चींत बसे. प्रेतांचें तिला कांहींच वाटत नसे. 'एवढ्या मोठ्या वाड्याचा केर कोण काढत असेल रे?' हा तिचा पहिला अभिप्राय.

या नव्या प्रतींत एक जास्तीचा नियम आहे. पाडलेलें प्रेत तसेंच सोडून दिलें तर कांहीं वेळानें तें पुन्हां उठतें, आणि उठतें तें पूर्वींपेक्षां चपळ व क्रूर होऊन. हें टाळावयाचें तर त्याला जाळलें पाहिजे, आणि जाळावयास रॉकेल पाहिजे. रॉकेलची बाटली हा जिलचा एक खिसा, लायटर हा दुसरा. बाटलींत दोनच प्रेतांपुरतें तेल मावतें, आणि वाड्यांतला एकंदर सांठाहि मर्यादित. 'रॉकेल' हा शब्द मीं उच्चारतांच आई खुर्चींत ताठ बसली. शिधापत्रिकेवरच्या निळ्या रॉकेलच्या रांगेंत, डबा हातीं धरून, तिनें आयुष्यांतले कितीतरी तास काढले होते.

'सगळ्यांना जाळत बसूं नकोस,' ती म्हणाली. 'जिथून रोजचं जाणंयेणं आहे, तिथलींच जाळ. कोपऱ्यातल्या खोलीत पुन्हां जायचंच नाही, तर तिथं रॉकेल कशाला घालवायचं?'

या खेळावर मीं पुढें जाणत्या खेळाडूंचे पुष्कळ सल्ले वाचले. आईच्या त्या वाक्यापेक्षां अधिक मोलाचें त्यांत कांहीं सांपडलें नाहीं. औषधी पाल्याच्या बाबतींतहि तेंच. हिरवा पाला जखम भरून काढतो. तांबडा नुसता घेऊन कांहींच उपयोग नाहीं, पण हिरव्यांत मिसळला कीं हिरव्याचा गुण कितीतरी पटींनीं वाढतो. आई म्हणे, 'तांबडं मिळेपर्यंत हिरवं तोंडात टाकूं नकोस. अनुपानाशिवाय औषध म्हणजे नासाडी.' मी जखमी होऊन लंगडत असे, तरी तिचा आग्रह सुटत नसे. मुलाला लागलें आहे हें तिला दिसत होतें; पण औषध वायां जाणें हें तिच्या मतें अधिक मोठें संकट होतें.

भुतें म्हणून पाहिलें तर कोंकणाला जपानकडून कांहीं उसनें घेण्याचें कारण नाहीं. वेताळ, मुंजा, खवीस, समंध, हडळ, पाण्यांतला गिऱ्हा: प्रत्येकाची जागा आणि वेळ ठरलेली. माझी पिढी तर नारायण धारप व रत्नाकर मतकरी यांच्या कथा पांघरुणांत बसून वाचीत वाढली. परंतु या मंडळींत आमच्या खेळाच्या जवळचा नातेवाईक एकच, आणि तो म्हणजे चकवा. चकवा दिसत नाहीं, मारीत नाहीं. तो फक्त वाट हरवितो, आणि माणूस रात्रभर त्याच त्या बांधावरून फिरत राहतो. पहिल्या भागांतला कॅमेरा असाच चकवा आहे. तो खेळणाऱ्याच्या हातीं नसतो. खोलीच्या एखाद्या कोपऱ्यांत खिळून बसलेला असतो, आणि नेमकें जें पाहावयाचें तेंच वळणापलीकडे ठेवतो. पाऊल ऐकूं येतें, पाऊल टाकणारा दिसत नाहीं. दार उघडावें तर तें काळोखांतून सावकाश, करकरत उघडतें. मूळ खेळांत हा उशीर यंत्राच्या सोयीसाठीं होता; तबकडीवरून पुढची खोली वाचून होईपर्यंत खेळणाऱ्याचें लक्ष दारावर गुंतवून ठेवावयाचें. आजच्या यंत्राला असा वेळ लागत नाहीं. तरी या वाड्याचीं दारें आजहि सावकाशच उघडतात, आणि मला तीं तशींच हवीं आहेत.

न दिसणाऱ्या भीतीचा खरा अनुभव आमच्या गांवानें एकदां घेतला आहे. २२ सप्टेंबर २०१६ रोजीं शाळेंतील मुलांनीं आपण कांहीं शस्त्रधारी माणसें पाहिल्याचें सांगितलें. उरीचा हल्ला होऊन चारच दिवस झाले होते. आणि उरण म्हणजे नौदलाचें शस्त्रागार, मोठें बंदर व तेलवायूचा प्रकल्प यांच्या शेजारचें गांव. नौदलानें सर्वोच्च सावधगिरीचा इशारा दिला, शाळा बंद झाल्या, डोंगर आणि किनारा पोलिसांनीं पिंजून काढला. शोधान्तीं कोणीहि सांपडलें नाहीं. पण त्या रात्रीं आमच्या आळींतल्या माणसांनीं काय केलें, तें मला चांगलें आठवतें. दारांच्या कड्या पुन्हां पुन्हां तपासल्या. आणि मग घरांत तांदूळ किती, दूध किती, म्हाताऱ्या माणसांच्या रक्तदाबाच्या गोळ्या किती दिवसांच्या, हें मोजून काढलें. आईनें आपल्या गोळ्यांची पट्टी दिव्याखालीं धरून दोनदां मोजली. सतरा होत्या. 'पुष्कळ आहेत,' असें म्हणून ती स्वस्थ झोपली. माणूस भ्याला कीं मोजूं लागतो, आणि मोज बरोबर आली कीं त्याची भीति निम्मी होते. हें मानसशास्त्र ओसाकाच्या कारागिरांनीं कोठून मिळविलें कोण जाणे. पण सारा खेळ त्यावर उभा आहे.

मध्यंतरीं त्यांना स्वतःलाच त्याचा विसर पडला होता, असें माझें मत आहे. २००५ सालच्या चौथ्या भागांत कॅमेरा नायकाच्या खांद्यामागें आला. खेळ म्हणून तो भाग अप्रतिम. पण त्यांत एक फेरीवाला हत्यारें विकावयास जागोजाग हजर. पडलेले शत्रु पैसे आणि गोळ्या टाकून जातात. आणि खेळणारा मेटाकुटीस आला असें दिसलें तर खेळ आपला कठीणपणा गुपचूप थोडा उतरवितो. २००९ चा पांचवा आणि २०१२ चा सहावा या भागांत बंदुकींचा सुकाळच झाला. स्फोट वाढले, धावपळ वाढली आणि भीति पातळ झाली. लग्नाच्या पंगतींत बसून दुष्काळाची गोष्ट ऐकावी, तसा कांहींसा तो प्रकार होता. २०१७ च्या सातव्या भागानें पुन्हां एकच घर, पुन्हां मोजकीं काडतुसें दिलीं. २०१९ सालीं दुसऱ्या भागाचें नवें रूप आलें, त्याच्या सर्वांत कठीण श्रेणींत शाईच्या फितीहि परत आल्या. टंचाई आली आणि तिच्या पाठोपाठ भीति आपोआप घरीं परतली.

भीतीबरोबर आणखी एक गोष्ट परतली. टाइपरायटरच्या खोलींत सहसा कोणी शिरत नाहीं. तेथें एक मंद, किंचित् उदास सूर वाजत असतो. दार लावून घ्यावें, पेटी उघडावी, वस्तु नीट लावून ठेवाव्या, काय उरलें तें पाहावें. बाहेर काय आहे हें ठाऊक असतें, आणि तें कांहीं वेळ बाहेरच राहणार हेंहि ठाऊक असतें. या खोलींतला निवांतपणा दुसऱ्या कोणत्याहि खेळानें मला दिलेला नाहीं. आयुष्यांत मात्र तो मीं पाहिला आहे. पावसाची पहिली सर कौलांवर वाजूं लागली कीं आई हातांतलें काम टाकून चहाचा कप घेऊन उंबऱ्यावर बसे. माळा भरलेला, बरण्या भरलेल्या, दादरा बांधलेला. आतां आभाळाला काय करावयाचें असेल तें त्यानें करावें, अशी तिची मुद्रा असे. वर्षांतून एकदांच ती इतकी स्वस्थ बसलेली दिसे.

खेळ संपतांना एक गंमत होते. शेवटच्या राक्षसासाठीं म्हणून जपून ठेवलेल्या भारी गोळ्या बहुधा तशाच राहतात. पहिल्या भागांत तर अखेरीस हेलिकॉप्टरांतून एक अस्त्र खालीं टाकलें जातें आणि त्याच्या एका तडाख्यानें राक्षस नाहींसा होतो. पेटी भरलेली ती भरलेलीच. हा अनुभव माझा एकट्याचा नाहीं. हे खेळ खेळणारीं माणसें एकमेकांना भेटलीं कीं आपल्या न उडविलेल्या गोळ्यांच्या कहाण्या हंसत हंसत सांगतात.

आई २०२३ च्या श्रावणांत गेली. दिवसकार्य झाल्यावर धाकट्या बहिणीनें आणि मीं तिची पत्र्याची ट्रंक उघडली. कोऱ्या तीन चादरी. पाहुण्यांसाठीं म्हणून ठेवलेले सहा कप. जरीच्या कांठांचें एक लुगडें. आणि तळाशीं, कडुलिंबाच्या वाळल्या पानांत, मीं २००३ सालीं पहिल्या पगारांतून आणलेली लोंकरीची शाल. दुकानाची चिठ्ठी अजून तिला टांचलेली होती. शेवटच्या पावसाळ्यांत आईला थंडी फार वाजे. दोन ठिकाणीं रफू केलेली जुनी शाल ती लपेटून बसे. 'नवी काढूं का?' म्हणून विचारलें तर म्हणे, 'असूं दे. लागेल पुढं.'

चिठ्ठी पाहून बहिणीला रडूं आवरेना. 'एकदां तरी अंगावर घ्यायची होती तिनं,' ती म्हणाली. मीहि कांहीं बोलूं शकलों नाहीं. आयुष्यभर पुढच्या दिवसासाठीं राखलें, आणि पुढचा दिवस आला तो भलत्याच वाटेनें, या विचारानें मीहि कित्येक दिवस कष्टी होतों. पण पुढें एका रात्रीं तोच वाडा पुन्हां खेळत असतां मला दुसरी बाजू दिसली. पेटींत राखलेल्या भारी गोळ्या मीं उडविल्या नव्हत्या हें खरें. पण त्या निरुपयोगी होत्या काय? त्या तेथें आहेत एवढ्या आधारावरच मीं अंधारे जिने चढलों होतों, आणि हातांतल्या साध्या गोळ्या मोकळेपणानें वापरल्या होत्या. न उडविलेली गोळीहि आपलें काम करीत असते. ट्रंकेच्या तळाची शाल आईनें अंगावर घेतली नाहीं. पण कांहींच नसलेल्या माणसाची थंडी आणि एक शाल राखून असलेल्या माणसाची थंडी या दोन निराळ्या थंड्या आहेत. वीस वर्षें ती शाल आईच्या उपयोगीं पडत होती. ज्याला बेगमीची संवय आहे त्यालाच हें पटेल.

माझ्या चौदा वर्षांच्या मुलीला तें मुळींच पटत नाहीं. ती दुसऱ्या भागाचें नवें रूप खेळते, आणि तिचा हात सढळ आहे. प्रेत दिसलें कीं गोळी, जखम झाली कीं पाला. मीं एकदां पेटींत कांहीं ठेवण्याविषयीं सुचविलें, तेव्हां ती पडद्यावरची नजर न काढतां म्हणाली, 'बाबा, मी मेले तर पेटी माझ्याबरोबर येणार आहे का?' या वाक्यांतला तर्क मला खोडतां आला नाहीं. ती माझ्यापेक्षां अधिक वेळां मरते, अधिक हंसते, आणि शेवटाला साधारण माझ्याइतक्याच वेळांत पोहोंचते. तिला वैशाखांतला माळा ठाऊक नाहीं. तिच्या उरणला पूल आहे, गाडी आहे, आणि हवी ती वस्तु दारांत आणून देणारा मुलगा आहे. लाँच बंद पडून मीठ संपल्याची भीति तिनें पाहिलेली नाहीं. तशीच पहिल्या सरीला उंबऱ्यावर बसण्यांतली चैनहि नाहीं. दोहोंपैकीं एकच द्यावयाची असती, तर मीं तिला कोणती दिली असती, याचें उत्तर मला अजून ठरवितां आलेलें नाहीं.

शाल आतां तीच वापरते. चिठ्ठी तिनें पहिल्याच दिवशीं ओढून काढली आणि तिसऱ्या दिवशीं शालीवर चहा सांडला. डाग पुरता गेला नाहीं. मला त्याचें फारसें वाईट वाटलें नाहीं, आणि आईलाहि वाटलें नसतें असें मी धरून चालतों. जिच्या अंगावर ती पडावी म्हणून पुढचा दिवस राखला होता, तो दिवस बहुधा हाच.

माझा स्वतःचा वाडा सध्यां निम्म्यावर आला आहे. पेटींत अकरा भारी गोळ्या आहेत. पुढच्या दालनांत एक अजस्र सर्प आहे आणि त्याच्यावर त्या खुशाल खर्च कराव्या, असा मुलीचा आग्रह चालू आहे. तिचें म्हणणें बरोबर असावें. पाहूं. लागतील पुढें.